फोन चार्ज होतोय, पण कॉम्प्युटरला दिसत नाही: यूएसबी ड्रायव्हर टाकण्याआधी आणि टाकताना

गणपतीच्या आधीच्या पंधरवड्यात आमच्या गिरगावातल्या झेरॉक्स-डीटीपीच्या दुकानात मंडळांचे अहवाल छपाईला येतात. मजकूर व्हॉट्सॲपवर येतो, हिशेबाची पानं एक्सेलमध्ये येतात, पण गेल्या वर्षीच्या मिरवणुकीचे फोटो मात्र कुणाच्या तरी फोनमध्ये अडकलेले असतात. व्हॉट्सॲपवरून आलेला फोटो छापला की चेहरे धुरकट येतात. म्हणून मी सांगते, मूळ फाइल द्या, केबलने काढू.

यंदा एका मंडळाचा खजिनदार रात्री साडेनऊला, शटर अर्धं ओढलेलं असताना, लॅपटॉप घेऊन आला. "ताई, तीन ड्रायव्हर टाकले, तरी फोन दिसत नाही." मी ड्रायव्हर, म्हणजे फोनशी कसं बोलायचं ते कॉम्प्युटरला सांगणारी ती छोटी सॉफ्टवेअर, बघितलेच नाहीत. त्याची केबल काढली आणि माझ्या ड्रॉवरमधली लावली. लॅपटॉपने आवाज दिला, फोन दिसला. त्याची केबल पॉवर बँकेसोबत आलेली होती आणि तिच्यात डेटाच्या ताराच नव्हत्या.

त्याला हसू नका, मीही कधीकाळी असंच केलंय. ‘फोन कॉम्प्युटरला दिसत नाही’ असं शोधलं की पहिली दहा उत्तरं ‘ड्रायव्हर डाउनलोड करा’ हीच येतात. ड्रायव्हर खरोखर लागतो अशा वेळाही आहेत आणि त्या खाली नीट सांगितल्या आहेत. पण क्रम पाळा. कॉम्प्युटरला नेमकं काय दिसतंय ते आधी बघायचं, ड्रायव्हर नंतर. उदाहरणं विंडोज १० आणि ११ ची आहेत, कारण माझ्या काउंटरवर येणारे बहुतेक लॅपटॉप तेच असतात.

केबल आणि पोर्ट

साध्या यूएसबी २.० केबलमध्ये चार तारा असतात. लाल आणि काळी विजेची, हिरवी आणि पांढरी डेटाची. स्वस्तातल्या केबलमध्ये किंवा ट्रिमर, इअरबड्स, पॉवर बँक यांच्यासोबत येणाऱ्या केबलमध्ये बऱ्याचदा पहिल्या दोनच असतात. फोन अगदी छान चार्ज होतो, त्यामुळे केबलवर कुणाचा संशय जात नाही. बाहेरून बघून फरक कळतही नाही. तपासायचा एकच सोपा मार्ग: तीच केबल दुसऱ्या एखाद्या फोनला लावा, किंवा त्याच फोनला दुसरी, फोनच्या खोक्यातून आलेली केबल लावा. लॅमिंग्टन रोडला केबल घ्यायला गेलात तर ‘चार्जिंगची’ म्हणून मागू नका, ‘डेटा केबल’ म्हणून मागा आणि दुकानदाराच्याच कॉम्प्युटरला फोन लावून फाइल उघडून दाखवायला सांगा. कुरकूर करतात, पण दाखवतात.

केबल ठीक असेल तर फोनच्या जॅकमध्ये टॉर्च मारून बघा. रोज लोकलमध्ये फोन पँटच्या खिशात कोंबलेला असतो. खिशातल्या कापसाचा बारीक चुरा टाइप-सीच्या तळाशी दाबून दाबून त्याची गादी बसते. मग पिन पूर्ण आत जात नाही. विजेचा संपर्क होतो, डेटाचा होत नाही. केबल हलवली की ‘दिसतो-जातो-दिसतो’ असं चाललं असेल तर बहुधा हेच. फोन बंद करून लाकडी टूथपिकने हळूच बाजूबाजूने उकरा. सुई, टाचणी, सेफ्टी पिन अजिबात नको, आतली जीभ तुटली की जॅकच बदलावा लागतो. एका काकूंच्या फोनमधून मी तिळाएवढे पाच-सहा निळे गोळे काढले होते, जीन्सचा रंग सरळ ओळखता येत होता.

पावसाळ्यात आणखी एक गंमत. जॅकमध्ये ओल गेली की काही फोन स्वतःच चार्जिंग आणि डेटा थांबवतात आणि पडद्यावर थेंबाचं चिन्ह दाखवतात. पंख्याखाली तासभर ठेवा. हेअर ड्रायर लावू नका.

डेस्कटॉप असेल तर पुढच्या पोर्टऐवजी मागच्या, थेट मदरबोर्डवरच्या पोर्टला लावा. यूएसबी हब मध्ये असेल तर काढा.

फोन लॉक आहे का, आणि तो काय दाखवतोय

अँड्रॉइड ६ पासून, म्हणजे २०१५ पासून, फोन कॉम्प्युटरला लावला की तो आपणहून फक्त चार्जिंगवर जातो. हे मुद्दामच केलेलं आहे. स्टेशनवर किंवा हॉटेलात कुठल्याही सॉकेटला फोन लावला आणि त्याने तुमचे फोटो वाचायला सुरुवात केली असं होऊ नये म्हणून. त्यामुळे केबल लावल्यावर फोन अनलॉक करा, वरून नोटिफिकेशनची पट्टी खाली ओढा. ‘यूएसबीने डिव्हाइस चार्ज होत आहे’ अशा अर्थाची ओळ असेल. तिच्यावर टॅप करा आणि ‘फाइल ट्रान्सफर’ निवडा. काही फोनवर हाच पर्याय ‘फाइल ट्रान्सफर / अँड्रॉइड ऑटो’ असा दिसतो.

ही ओळच येत नसेल, नुसतं चार्जिंगचं चिन्ह येत असेल, तर डेटाच्या तारा जोडल्याच जात नाहीयेत. परत केबलकडे जा.

ओळ आली, फाइल ट्रान्सफर निवडलं, कॉम्प्युटरवर फोनचं नाव आलं, पण आत उघडल्यावर रिकामं? फोन लॉक झालाय. अनलॉक करून ठेवा आणि फोल्डर पुन्हा उघडा.

इथे बरेच जण विचारतात, पूर्वी फोन पेन ड्राइव्हसारखा यायचा, ड्राइव्हचं अक्षर मिळायचं, आता का नाही? जुन्या पद्धतीत फोन आपल्या मेमरीची किल्लीच कॉम्प्युटरला देऊन टाकायचा. केबल जोडलेली असेपर्यंत फोनला स्वतःचं कार्ड दिसायचं नाही, गाणी-फोटो गायब व्हायचे, कारण एकाच डिस्कवर दोघांनी एकदम लिहिलं तर सगळा घोळ होतो. आताची पद्धत एमटीपी, म्हणजे मीडिया ट्रान्सफर प्रोटोकॉल. ती वाण्याच्या दुकानासारखी चालते. तुम्ही आत गोदामात जात नाही, काउंटरवर उभं राहून नाव सांगता, फोन फाइल काढून हातात देतो. फोन वापरात राहतो, पण वाणी एका वेळी एकाच गिऱ्हाइकाचं ऐकतो. ही गोष्ट पुढे फाइली काढताना लक्षात ठेवा.

डिव्हाइस मॅनेजर: इथे घाई करू नका

आता खरं निदान. कीबोर्डवर विंडोजचं बटण आणि एक्स एकदम दाबा, यादीतून ‘डिव्हाइस मॅनेजर’ उघडा. ती खिडकी समोर ठेवून फोनची केबल काढा आणि पुन्हा लावा. कॉम्प्युटर काय आवाज करतो तेही ऐका. चढत जाणारे दोन सूर म्हणजे जोडलं गेलं, एकाच पट्टीतले तीन ठोके म्हणजे जोडताना गडबड झाली.

यादी एकदा लुकलुकते आणि नवीन नाव कुठेतरी येतं. कुठे येतं त्यावर सगळं ठरतं.

काहीच लुकलुकलं नाही, आवाजही नाही. हा ड्रायव्हरचा प्रश्न नाही. केबल, जॅक किंवा पोर्ट.

‘अननोन यूएसबी डिव्हाइस’ आलं आणि पुढे कंसात ‘डिव्हाइस डिस्क्रिप्टर रिक्वेस्ट फेल्ड’ असं लिहिलंय. लोक सगळ्यात जास्त ड्रायव्हर इथेच टाकतात आणि तो इथेच सगळ्यात कमी उपयोगाचा असतो. फोन जोडल्यावर कॉम्प्युटर त्याला आधी ‘तू कोण’ म्हणून विचारतो. फोन उत्तरादाखल कंपनीचा नंबर आणि मॉडेलचा नंबर सांगतो. त्या नंबरावरून विंडोज ड्रायव्हर शोधतं. वरच्या एररमध्ये हे पहिलं उत्तरच पोचलेलं नाही. नाव-गाव कळलं नाही तर ड्रायव्हर कुणासाठी शोधणार? केबल, पोर्ट बदला, फोन रीस्टार्ट करा. तिन्ही करूनही तेच आलं तर फोनचा जॅक दुरुस्तीला द्यायची वेळ आहे.

फोनचं नाव, किंवा ‘एमटीपी’, किंवा नुसतं ‘अँड्रॉइड’ असं ‘अदर डिव्हायसेस’खाली पिवळ्या त्रिकोणासकट आलं. आता हा ड्रायव्हरचा प्रश्न आहे. पुढे वाचा.

‘पोर्टेबल डिव्हायसेस’खाली फोनचं नाव स्वच्छ, त्रिकोणाशिवाय आलं. ड्रायव्हर बसलेला आहे. फाइली दिसत नसतील तर फोन लॉक आहे किंवा चार्जिंगवर आहे. दुसरा ड्रायव्हर टाकून चालू असलेलं बिघडवू नका.

पिवळा त्रिकोण असेल तर त्या नावावर डबल क्लिक करा. पहिल्याच टॅबवर एक कोड लिहिलेला असतो. २८ म्हणजे ड्रायव्हर मुळात नाहीच. १० म्हणजे ड्रायव्हर आहे पण डिव्हाइस सुरू होत नाही, बहुतेक वेळा चुकीचा किंवा अर्धवट बसलेला. ४३ म्हणजे डिव्हाइसने गडबड कळवली म्हणून विंडोजने ते थांबवलं, इथे पुन्हा केबल-जॅकवर संशय घ्या. ५२ म्हणजे ड्रायव्हरवरची डिजिटल सही विंडोजला पटलेली नाही.

मग ‘डिटेल्स’ टॅबवर जा आणि वरच्या यादीतून ‘हार्डवेअर आयडीज’ निवडा. खाली एक लांबलचक ओळ दिसेल, तिच्यात व्हीआयडी आणि पीआयडी अशी अक्षरं आणि त्यापुढे चार-चार अंक-अक्षरं. व्हीआयडी कंपनीचा नंबर, पीआयडी मॉडेलचा. कंपन्यांचे नंबर असे: ०४ई८ सॅमसंगचा, २७१७ शाओमीचा, २२बी८ मोटोरोलाचा, २ए७० वनप्लसचा, ०५एसी ॲपलचा, १८डी१ गूगलचा. फास्टबूटमध्ये, म्हणजे अँड्रॉइड सुरू होण्याआधीच्या दुरुस्तीच्या मोडमध्ये, गेलेले इतर कंपन्यांचे फोनही बऱ्याचदा गूगलचाच नंबर सांगतात. ०ई८डी दिसला तर तो मीडियाटेक या चिप बनवणाऱ्या कंपनीचा, ०५सी६ दिसला तर क्वालकॉमचा. आता कोणता ड्रायव्हर हवा हे अंदाजाने नाही, पुराव्याने कळलं. ओळीत शून्यच शून्य, म्हणजे व्हीआयडी ०००० असेल, तर वरचा ‘नाव-गाव कळलं नाही’ प्रकार आहे.

एक वाईट बातमीही इथेच कळते. फोनचा पडदा काळा, बटणांना प्रतिसाद नाही, पण कॉम्प्युटरला लावल्यावर आवाज येतो आणि नावात ‘क्यूडीलोडर ९००८’ दिसतं. म्हणजे फोन सुरूच होत नाहीये, फक्त चिप जागी आहे. फोटो काढायचा कुठलाही ड्रायव्हर इथे चालणार नाही. उगाच प्रयोग न करता दुरुस्तीवाल्याकडे न्या आणि ‘डेटा हवाय’ हे पहिल्या वाक्यात सांगा, नाहीतर तो सॉफ्टवेअर मारून मोकळा होईल.

ड्रायव्हर मुळात लागतो का?

नुसते फोटो, व्हिडिओ, पीडीएफ काढायचे असतील तर विंडोज १० आणि ११ मध्ये एमटीपीचा ड्रायव्हर आधीच आहे. कंपनीचा वेगळा काही लागत नाही. अपवाद विंडोजच्या ‘एन’ आवृत्तीचा. युरोपसाठी काढलेल्या या आवृत्तीत मीडियाचे भाग वगळलेले असतात आणि त्यासोबत एमटीपीही जातो. परदेशातून कुणी आणून दिलेल्या लॅपटॉपवर हे सापडतं. सेटिंग्जमध्ये ‘ऑप्शनल फीचर्स’ शोधा, तिथून ‘मीडिया फीचर पॅक’ टाका, रीस्टार्ट करा.

वेगळा ड्रायव्हर खरोखर लागतो तो दोन-तीन वेळांना: यूएसबी डीबगिंगने म्हणजे एडीबीने (कॉम्प्युटरवरून कमांड देऊन) फोनशी बोलायचं असेल, फोन फास्टबूटमध्ये नेऊन दुरुस्त करायचा असेल, किंवा कंपनीचं बॅकअपचं सॉफ्टवेअर वापरायचं असेल.

विंडोजचाच ड्रायव्हर परत बसवणे

एमटीपीवर पिवळा त्रिकोण असेल तर नवीन काही डाउनलोड करायच्या आधी हे करा.

डिव्हाइस मॅनेजरमध्ये त्या नावावर राइट क्लिक, ‘अनइन्स्टॉल डिव्हाइस’. ड्रायव्हर काढून टाकण्याची चौकट दिसली तर तिच्यावर खूण करा. फोन काढा. कॉम्प्युटर रीस्टार्ट करा. शटडाउन करून परत चालू करणं म्हणजे रीस्टार्ट नव्हे. विंडोजमध्ये ‘फास्ट स्टार्टअप’ चालू असतं, शटडाउन केलं तरी ड्रायव्हरची स्थिती ते डिस्कवर जपून ठेवतं आणि पुन्हा तीच उचलतं. रीस्टार्टमध्ये सगळं नव्याने भरलं जातं. रोज शटडाउन करणाऱ्यांच्या मशीनवर साध्या रीस्टार्टने फोन दिसायला लागल्याचं मी कितीदा तरी पाहिलंय.

रीस्टार्टनंतर फोन लावा, अनलॉक करा, फाइल ट्रान्सफर निवडा, दोन मिनिटं थांबा. तरीही त्रिकोण असेल तर राइट क्लिक, ‘अपडेट ड्रायव्हर’, मग ‘ब्राउज माय कॉम्प्युटर’, मग खालचा ‘लेट मी पिक’ ने सुरू होणारा पर्याय. यादीत ‘एमटीपी यूएसबी डिव्हाइस’ निवडा, नेक्स्ट. यादीत ते नाव नसेल तर सी ड्राइव्हच्या विंडोज फोल्डरमध्ये ‘आयएनएफ’ नावाचा फोल्डर आहे. त्यात डब्ल्यूपीडीएमटीपी नावाची, डॉट आयएनएफ शेपटीची फाइल शोधा, राइट क्लिक करून ‘इन्स्टॉल’ द्या. विंडोज ११ मध्ये इन्स्टॉल दिसायला आधी ‘शो मोअर ऑप्शन्स’ दाबावं लागतं. फोन काढून परत लावा.

तेही नाही झालं, तर विंडोज अपडेटमध्ये ‘ॲडव्हान्स्ड ऑप्शन्स’, त्यात ‘ऑप्शनल अपडेट्स’, त्यात ‘ड्रायव्हर अपडेट्स’ बघा. फोनचा ड्रायव्हर तिथे वाट बघत पडलेला असू शकतो, कारण ऑप्शनल अपडेट आपोआप उतरत नाहीत.

कंपनीचा ड्रायव्हर टाकताना

एक नियम, आणि इथे मी अजिबात ऐकून घेत नाही: ड्रायव्हर फक्त फोनच्या कंपनीच्या किंवा गूगलच्या साइटवरून. ‘सर्व फोनचे ड्रायव्हर एका ठिकाणी’ किंवा ‘एका क्लिकमध्ये ड्रायव्हर अपडेट’ असं म्हणणारं काही टाकू नका. पंधराएक वर्षांपूर्वी मी दुकानाच्या मशीनवर असंच एक टाकलं. ड्रायव्हर आला नाही, ब्राउझरचं होमपेज बदललं, कोपऱ्यातून जाहिराती उडायला लागल्या, आणि शेवटी ऐन लग्नसराईत पत्रिकांचं काम थांबवून विंडोज परत मारावं लागलं.

सॅमसंगचा ड्रायव्हर त्यांच्या डेव्हलपर साइटवर मिळतो. तो साधा सेटअप आहे: फोन काढून ठेवा, सेटअपवर राइट क्लिक करून ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवा, रीस्टार्ट करा, मगच फोन लावा. फोन लावलेला असताना सेटअप चालवला तर विंडोज जुनाच ड्रायव्हर धरून बसतं.

गूगलचा ड्रायव्हर अँड्रॉइड डेव्हलपर साइटवरून झिपमध्ये येतो आणि त्याला सेटअप नसतो, म्हणून लोक अडकतात. झिप आधी पूर्ण उघडा, म्हणजे ‘एक्स्ट्रॅक्ट ऑल’ करा. झिपच्या आत राहून पुढची पायरी होत नाही. डिव्हाइस मॅनेजरमध्ये पिवळ्या त्रिकोणावर राइट क्लिक, ‘अपडेट ड्रायव्हर’, ‘ब्राउज माय कॉम्प्युटर’, आणि तो उघडलेला फोल्डर दाखवा. फोन गूगल पिक्सेल असेल तर इथेच काम होतं.

दुसऱ्या कंपनीचा फोन असेल तर विंडोज ‘योग्य ड्रायव्हर सापडला नाही’ म्हणतं, कारण गूगलच्या फाइलमध्ये त्या फोनचा नंबर नोंदलेला नसतो. आधी त्या कंपनीच्या साइटवर बघा. तिथे काही नसेल तर ‘लेट मी पिक’, मग ‘शो ऑल डिव्हायसेस’, मग ‘हॅव डिस्क’ करत फोल्डरमधली आयएनएफ फाइल दाखवा. तीन नावं येतील. फोन नेहमीसारखा चालू असेल तर ‘अँड्रॉइड एडीबी इंटरफेस’, फास्टबूटमध्ये असेल तर ‘अँड्रॉइड बूटलोडर इंटरफेस’. विंडोज इशारा देईल की हा ड्रायव्हर जुळेल याची खात्री नाही. फोनवरच हे करत असाल याची खात्री करून ‘येस’ म्हणा. चुकून कीबोर्डच्या किंवा माउसच्या नावावर केलंत तर मग ‘नो’ म्हणायलाही माउस उरणार नाही.

जुने लेख आयएनएफ फाइल नोटपॅडमध्ये उघडून आपल्या फोनचा नंबर घुसवायला सांगतात. करू नका. फाइलमध्ये एक अक्षर बदललं तरी ड्रायव्हरची सही मोडते आणि ६४ बिट विंडोज ती घेत नाही. मग पुढची पायरी म्हणून ‘सही तपासणी बंद करा’ असं सांगतात: शिफ्ट धरून रीस्टार्ट, ट्रबलशूट, ॲडव्हान्स्ड ऑप्शन्स, स्टार्टअप सेटिंग्ज, आणि ७ दाबा. हे होतं, आणि फक्त पुढच्या रीस्टार्टपर्यंत टिकतं. पण लॅपटॉपवर बिटलॉकर, म्हणजे डिस्कला कुलूप घालणारी विंडोजची सोय, चालू असेल तर मध्येच ४८ अंकी रिकव्हरी की मागितली जाऊ शकते. ती जवळ नसेल तर फोनचे फोटो राहिले बाजूला, लॅपटॉपच कुलूपबंद. मी गिऱ्हाइकाच्या मशीनवर ही पायरी करत नाही.

पडदा फुटलेला फोन, आणि एडीबी

एडीबीची चौकशी माझ्याकडे येते ती एकाच कारणाने: फोन पडला, डिस्प्ले गेला, आत मुलाच्या मुंजीचे फोटो आहेत.

दिसतंय पण टच चालत नाही, असं असेल तर ड्रायव्हर वगैरे विसरा. ओटीजीचं छोटं ॲडॉप्टर घ्या, त्यात साधा यूएसबी माउस लावा, फोनवर बाण येतो. त्याने पॅटर्न किंवा पिन टाका, मग माउस काढून केबल लावा. माउस काढल्यावर फोन पुन्हा लॉक होऊ नये म्हणून आधी स्क्रीन टाइमआउट जितका वाढेल तितका वाढवून ठेवा. फाइल ट्रान्सफर दर वेळी निवडता येणार नाही, कारण जॅक एकच. त्यावर तोडगा डेव्हलपर ऑप्शन्समध्ये आहे: ‘डिफॉल्ट यूएसबी कॉन्फिगरेशन’ तिथून फाइल ट्रान्सफरवर ठेवा.

डेव्हलपर ऑप्शन्स लपलेलं असतं. सेटिंग्जमध्ये ‘अबाउट फोन’, त्यात ‘बिल्ड नंबर’वर सात वेळा टॅप. शाओमीवर बिल्ड नंबरऐवजी एमआययूआय किंवा हायपरओएसच्या आवृत्तीवर. त्यानंतर ‘यूएसबी डीबगिंग’ चालू करता येतं. कॉम्प्युटरवर गूगलची ‘प्लॅटफॉर्म टूल्स’ ही झिप उघडा, त्या फोल्डरमध्ये कमांडची काळी खिडकी उघडून एडीबी, एक स्पेस, डिव्हायसेस असं इंग्रजीत टाइप करा आणि एंटर.

उत्तरात फोनचा क्रमांक आणि पुढे ‘डिव्हाइस’ आलं तर जमलं. ‘अनऑथोराइज्ड’ आलं तर फोनच्या पडद्यावर ‘या कॉम्प्युटरला परवानगी द्यायची का’ असं विचारलेलं असतं, तिथे होय म्हणा. यादी रिकामी आली तर मात्र हा ड्रायव्हरचाच प्रश्न, वर जा. आणि डिस्प्ले पूर्ण मेलेला असताना हे सगळं नव्याने चालू करता येत नाही. परवानगीचा प्रश्न पडद्यावरच येतो आणि पडदाच नाही. कुठलंही सॉफ्टवेअर ‘लॉक फोनमधून फोटो काढून देतो’ म्हणत असेल तर पैसे भरू नका, तेवढ्या पैशात तात्पुरता डिस्प्ले लावून मिळतो का ते विचारा.

डीबगिंग चालू असताना डिव्हाइस मॅनेजरमध्ये एकाच फोनची दोन नावं येतात, एक एमटीपीचं, एक एडीबीचं. एडीबीवर त्रिकोण असूनही फोटो कॉपी होत असतील तर तो त्रिकोण तसाच राहू द्या.

काम झालं की डेव्हलपर ऑप्शन्स बंद करा. ते चालू दिसलं तर काही बँकांची ॲप उघडत नाहीत, आणि मग दुसऱ्या दिवशी भाजीवाल्यासमोर क्यूआर स्कॅन करताना पंचाईत होते.

फाइली काढताना

कॉपी करा, कट करू नका. वाण्याचं काउंटर आठवा: मध्येच केबल हलली तर कट केलेली फाइल ना इकडे ना तिकडे अशी होऊ शकते. माझ्या मावशीचे अष्टविनायकाचे फोटो मी असेच घालवले आहेत. ते ती अजून दर दिवाळीत काढते, म्हणजे विषय काढते.

दहा हजार फोटो एकदम ओढले की खिडकी गोठते. महिन्यामहिन्याने, तीन-चारशेच्या तुकड्यांनी घ्या आणि एक कॉपी चालू असताना दुसरी सुरू करू नका. कॅमेऱ्याचे फोटो डीसीआयएम फोल्डरमध्ये असतात. व्हॉट्सॲपचे मात्र जिथे लोक शोधतात तिथे नसतात. अँड्रॉइड ११ पासून ते ‘अँड्रॉइड’, त्यात ‘मीडिया’, त्यात कॉम डॉट व्हॉट्सॲप असं नाव असलेल्या फोल्डरमध्ये असतात. आत्ताच काढलेला फोटो यादीत नसेल तर केबल काढून परत लावा, फोनने यादी नव्याने दिली की येतो.

आयफोन आणि ऑफिसचा लॅपटॉप

आयफोनसाठी मायक्रोसॉफ्ट स्टोअरमधून ‘ॲपल डिव्हायसेस’ हे ॲप टाका, ड्रायव्हर त्यासोबत येतो. फोन लावल्यावर ‘ट्रस्ट’ विचारेल, होय म्हणून पासकोड द्या. कॉपी करताना मध्येच डिव्हाइस चालत नसल्याची एरर आली तर फोनच्या सेटिंग्जमध्ये फोटोजच्या पानावर तळाशी मॅक किंवा पीसीला पाठवण्याचा पर्याय आहे, तो ‘ऑटोमॅटिक’वरून ‘कीप ओरिजिनल्स’वर ठेवा. फोन दर फोटो बदलून देत बसतो, त्यात दमतो, म्हणून ती एरर येते.

ऑफिसच्या लॅपटॉपवर फोन नुसता चार्ज होतो आणि घरच्या लॅपटॉपवर दिसतो, असं असेल तर आयटीवाल्यांनी यूएसबी बंद करून ठेवलंय. तिथे ड्रायव्हर शोधत बसू नका, आणि टाकायचा प्रयत्न तर मुळीच नको. त्याची नोंद होते.

आधीच तीन ड्रायव्हर टाकून बसला असाल तर

खजिनदाराच्या लॅपटॉपवर केबल बदलल्यावर फोन दिसला होता, तरी त्या तीन ड्रायव्हरची अडगळ काढायला हे करावं लागलं. सेटिंग्जमधल्या ॲप्सच्या यादीत तारखेनुसार लावून त्या दिवशी टाकलेलं सगळं काढलं. मग डिव्हाइस मॅनेजरच्या ‘व्ह्यू’मध्ये ‘शो हिडन डिव्हायसेस’ केलं. पूर्वी कधीतरी लावलेले फोन फिकट रंगात दिसतात, त्यातली त्याच्या फोनची चार फिकट नावं एकेक करून अनइन्स्टॉल केली. बाकीच्या फिकट नावांना हात लावला नाही, त्यात प्रिंटरपासून पेन ड्राइव्हपर्यंत सगळं असतं. रीस्टार्ट केलं, फोन लावला, विंडोजने आपलाच एमटीपी ड्रायव्हर धरला. फोटो कॉपी व्हायला लावून मी शटर पूर्ण ओढलं. त्याची जुनी केबल मी कात्रीने मधोमध कापली आणि आतल्या दोन तारा त्याला दाखवल्या: एक लाल, एक काळी.